अर्ध्या चटईचे अर्थशास्त्र

'मार्गदर्शकासह ग्रामीण सायकल सहल' अशा भारदस्त नावाने ओळखला जाणारा जो उपक्रम मध्य व्हिएतनाममधील होई आन या जुन्या बंदरगावात रोज सकाळी पार पडतो, त्याची व्याख्या करायची झाल्यास ती अशी करावी लागेल: आयुष्याचा बहुतेक काळ खुर्चीत बसून काढणाऱ्या माणसांनी पैसे मोजून परक्या देशातील खेड्यात जाणे, तेथे उभ्याने, वाकून किंवा उकिडवे बसून काम करणाऱ्या माणसांकडे आदराने पाहणे, त्यांच्या कामाला पाचेक मिनिटे स्वतःचा हात लावून त्याचा विचका करणे, 'दिसते तितके सोपे नाही हो' अशी आपापसांत कबुली देणे आणि दुपारच्या जेवणाला हॉटेलात परतणे. या व्याख्येत सायकलीचा उल्लेख राहून गेल्याचे चाणाक्ष वाचकाच्या लक्षात आले असेलच; परंतु प्रत्यक्ष सहलीतही सायकलीचे स्थान लग्नाच्या वरातीतल्या घोड्यासारखे असते, म्हणजे तिच्यावाचून वरात निघत नाही, पण वरात कशी झाली हे सांगताना घोड्याविषयी कोणी चकार शब्द काढत नाही.

अशा सहली व्हिएतनामभर निघतात. उत्तरेत हनोईच्या आसपास शंकूच्या आकाराच्या टोप्या करणारे चुओंग हे गाव आहे, मध्यभागी हुए शहराजवळ १७७६ मध्ये बांधलेला, डोक्यावर कौलारू छप्पर असलेला थान्ह तोआनचा पूल आहे, आणि दक्षिणेत मेकाँगच्या त्रिभुज प्रदेशात नारळाच्या चिकट गोळ्या वळणारे कारखाने आहेत. तरीही या प्रकाराचे शुद्ध, सर्वगुणसंपन्न रूप अभ्यासायचे असेल तर होई आनलाच जावे लागते, आणि याचे कारण तेथील गाळात आहे. थू बोन नदीच्या मुखाशी वसलेले हे बंदर सोळाव्या-सतराव्या शतकांत जपानी आणि चिनी व्यापाऱ्यांनी गजबजलेले असे. पुढे नदी गाळाने भरत गेली, मोठी जहाजे उत्तरेकडच्या दा नांगला लागू लागली, आणि लक्ष्मीने पाठ फिरवल्यामुळे जुनी घरे पाडून नवी बांधण्याइतका पैसाच गावात कोणाकडे उरला नाही. या पैसे नसण्याला १९९९ मध्ये युनेस्कोने जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली आणि गावाला पुन्हा बरे दिवस आले. १ जुलै २०२५ पासून प्रांतांच्या फेररचनेत होई आन कागदोपत्री दा नांग शहरातच विलीन झाले आहे. म्हणजे ज्याने व्यापार नेला त्यानेच अखेर गावही नेले.

त्याच गाळाने भोवताली जी जमीन तयार केली ती इतकी सपाट आहे की सहलीत चढ म्हणून जे काही लागते ते फक्त पुलांचे. नदीपलीकडे कॅम किम नावाचे बेट असून त्यावर किम बोंग ही सुतारांची वस्ती आणि चटया विणणारी घरे आहेत. पश्चिमेला थान हा येथे कुंभार, उत्तरेला त्रा क्वे येथे भाजीपाला पिकवणारे, आणि समुद्राच्या बाजूला कॅम थान येथे खाऱ्या पाण्याच्या दलदलीत वाढणाऱ्या निपा नावाच्या पामच्या झाडीत टोपलीसारख्या गोल होड्या वल्हवणारे लोक राहतात. पन्नाशी ओलांडलेल्या, गुडघ्यांविषयी सावध असलेल्या पाहुण्यालाही अर्ध्या दिवसात यांपैकी तीन-चार व्यवसाय उरकता येतात.

सायकल हे वाहन व्हिएतनाममध्ये फ्रेंचांबरोबर आले आणि फ्रेंचांना घालवण्याच्या कामीही तेच आले. १९५४ मध्ये दिएन बिएन फूच्या डोंगराळ खोऱ्यातील फ्रेंच ठाण्याला वेढा पडला, तेव्हा वेढा घालणाऱ्या सैन्याला तांदूळ आणि दारूगोळा पोचवण्यासाठी वीस हजारांच्या आसपास सायकली लावल्या गेल्या होत्या. या मालवाहू सायकलींवर कोणी बसत नसे. सांगाड्याला लाकडाचे आणि बांबूचे टेकू देऊन, हँडलला बांबू बांधून ते लांबवून, दोनशे ते तीनशे किलोंचे ओझे लादून त्या ढकलत नेल्या जात. बसण्यासाठी केलेल्या वस्तूवर न बसता साम्राज्य हरवता येते, हा धडा युद्धशास्त्राने त्या वेळी घेतला. देशाच्या एकीकरणानंतर रेशन कार्डांच्या काळात, ज्याला तेथे 'बाओ काप' म्हणजे सरकारी पुरवठ्याचा काळ म्हणतात, सायकल ही घरातली मोठी इस्टेट होती आणि हनोईत तिला रीतसर नंबरप्लेटही असे. मग १९८६ मध्ये 'दोई मोई' नावाने ओळखले जाणारे आर्थिक धोरण आले, बाजार खुला झाला, हाती पैसा खेळू लागला आणि त्या पैशातून लोकांनी पहिले काम केले ते सायकलीवरून उतरून मोटारसायकलवर बसण्याचे. आज दहा कोटी लोकवस्तीच्या या देशात सात कोटींहून अधिक मोटारसायकली नोंदलेल्या आहेत आणि दक्षिणेत तर कोणत्याही कंपनीच्या मोटारसायकलला सरसकट 'होंडा' म्हणण्याची पद्धत आहे. अशा रीतीने होई आनच्या आसपासच्या खेड्यांत सायकल चालवणारे आता तीनच वर्ग उरले आहेत: शाळेत जाणारी मुले, बाजारातून परतणाऱ्या म्हाताऱ्या बायका, आणि युरोप-अमेरिका-ऑस्ट्रेलियात स्वतःची मोटार बाळगणारे व त्यातून उतरून येथे सायकलीला भाडे देणारे पाहुणे. ज्या वाहनापासून सुटका व्हावी म्हणून गावकऱ्याने अर्धे आयुष्य काटकसर केली, त्याच वाहनावर बसण्यासाठी दुसरा माणूस विमानाने येतो, याबद्दल गावकऱ्याला नेमके काय वाटते हे त्याच्या चेहऱ्यावरून ओळखणे कठीण असते, कारण तो शेजारून हॉर्न वाजवत निघून गेलेला असतो.

पेहरावाचा प्रश्न स्वतंत्र विचाराला योग्य आहे. पाहुणा सायकलस्वार बिनबाह्यांचा सदरा, आत गादी शिवलेली तंग चड्डी, हेल्मेट आणि नाकावर मलमाचा पांढरा पट्टा अशा थाटात असतो, कारण ऊन हे त्याच्या लेखी सुट्टीतच मिळणारे दुर्मिळ फळ आहे आणि ते तो अंगभर घेऊन जाऊ इच्छितो. त्याच रस्त्यावरून मोटारसायकलीने जाणारी गावातील स्त्री टोपी, त्यावर हेल्मेट, डोळ्यांपर्यंत येणारा मास्क, टोपडे जोडलेले लांब बाह्यांचे जाकीट, हातमोजे, कमरेभोवती गुंडाळलेला लांब घेर आणि पायमोजे असा सरंजाम छत्तीस अंश तापमानात चढवून असते, कारण रापलेली कातडी म्हणजे शेतावर राबणारी कातडी असे तिच्या समाजाने ठरवून ठेवले आहे. दोघांची नजरानजर झाली की दोघांनाही एकमेकांच्या प्रकृतीची मनापासून काळजी वाटते.

सहलीचा मार्गदर्शक हा गळ्यात परवान्याचे कार्ड अडकवून सर्वांच्या पुढे सायकल चालवतो, आणि त्याचा एक साथीदार पंप, सुट्या ट्यूबा व पाण्याच्या बाटल्या घेऊन सर्वांच्या मागे येतो. या दोघांच्या मध्ये जे काही चालते त्याला शिस्तबद्ध रांग असे म्हणण्याचा प्रघात आहे. वास्तविक या रांगेत पुढे दोन उत्साही जर्मन मार्गदर्शकालाच मागे टाकण्याच्या बेतात असतात, मधली मंडळी म्हैस दिसली की ब्रेक दाबतात, आणि शेवटच्या पाहुण्याची चेन पडलेली असते. मार्गदर्शकाचे कौशल्य सायकल चालवण्यात नसून मागे वळून डोकी मोजण्यात असते. वळणावर, पुलावर आणि प्रत्येक घराच्या अंगणात तो ओठांतल्या ओठांत मोजतो, आणि एक डोके जास्त भरले तरी त्याला तितकीच धडकी भरते, कारण त्याचा अर्थ शेजारच्या कंपनीच्या सहलीतला कोणी तरी आपल्या रांगेत शिरला असा होतो. सर्वांची हेल्मेटे सारखीच असतात. अशी सरमिसळ व्हायला एक म्हैसही पुरते.

रस्ता हा या सहलीचा खरा ग्रामीण भाग होय. २०१० मध्ये सुरू झालेल्या सरकारी 'नव ग्रामीण विकास' कार्यक्रमाने व्हिएतनामच्या खेड्यापाड्यांतील पायवाटा काँक्रीटच्या केल्या, आणि त्यामुळेच पाहुण्यांच्या सायकली चिखलात रुतत नाहीत. परंतु त्याच गुळगुळीत काँक्रीटवरून जाताना 'खेड्याचे खेडेपण हरवत चालले' अशी हळहळ व्यक्त करण्याचा पाहुण्यांचा अधिकार कोणी हिरावून घेतलेला नाही. भाताची कापणी झाली की हा रस्ता खळ्याचे काम करतो. अर्ध्या रुंदीवर भात पसरलेला असतो, एखादी आजी अनवाणी पायांनी त्यातून सऱ्या पाडत फिरत असते, आणि उरलेल्या अर्ध्या रुंदीतून मोटारसायकली, कोंबड्या व पर्यटन या तिघांनी वाट काढायची असते. भातावरून सायकल घालावी की समोरून येणाऱ्या होंडावर, हा पेच पाहुण्यापुढे उभा राहतो. अन्नाचा अपमान नको म्हणून बहुतेक जण बाजूच्या चारीत उतरतात. भातशेतीच्या मध्येच पूर्वजांच्या रंगीत थडग्यांचे पुंजके असतात, आणि जमिनीत राबणारे व जमिनीत गेलेले हात इतके शेजारी पाहून एखादा पाहुणा गंभीर होतो न होतो तोच कोठून तरी कराओके सुरू होते.

व्हिएतनामी खेड्यातील शांततेविषयी सहलीच्या पत्रकांत बरेच लिहिलेले असते. त्या खेड्यात खांबांवर सार्वजनिक ध्वनिक्षेपक बसवलेले असून त्यांवरून पहाटे पाचच्या सुमारास बातम्या, लसीकरणाच्या सूचना आणि देशभक्तिपर संगीत यांचे प्रसारण होते, ही गोष्ट पत्रकात नसते. त्याखेरीज 'केओ केओ' नावाचा एक चाके लावलेला, उभा, कमरेइतक्या उंचीचा स्पीकर बहुतेक गल्ल्यांत एकाच्या तरी मालकीचा असतो. लग्न, वाढदिवस, बारसे किंवा केवळ रविवार यांपैकी कोणतेही निमित्त त्याला पुरते, आणि त्याच्या मायक्रोफोनमध्ये मुद्दाम घातलेल्या घुमाऱ्यामुळे कोणताही गृहस्थ एकाच वेळी तिघांसारखा गातो. पाहुणे ज्या शांततेसाठी आलेले असतात ती त्यांच्या हॉटेलात, दुहेरी काचांच्या खिडकीमागे, एसीच्या मंद घुरघुरीत त्यांची वाट पाहत असते.

अखेर सहल चटईवाल्या घरापाशी थांबते. सायकली कुंपणाला टेकवल्या जातात, त्यांतील एक पडते, तिच्याबरोबर इतर तीन पडतात, आणि अंगणात प्रवेश होतो.

चटईचा माग जमिनीलगतच मांडलेला असतो. जमिनीपासून वीतभर उंचीवर तागाच्या दोऱ्या उभ्या ताणलेल्या असतात आणि त्या सर्व एका जड लाकडी फणीच्या भोकांतून ओवून घेतलेल्या असतात. आडवा भरणा लव्हाळ्याच्या काड्यांचा असतो. पुरात वाचण्याच्या ज्या गुणामुळे तुकोबांनी लव्हाळ्याला मराठी मनात कायमचे घर करून दिले, त्याच जातीची ही नदीकाठची वनस्पती कापून, चिरून, उन्हात वाळवून आणि लाल, हिरव्या, पिवळ्या रंगांत बुडवून तयार केली जाते. मागावर दोघी लागतात. एक जण फणीमागे, आधी विणून झालेल्या भागावर बसते; दुसरी बाजूला बसून हातभर लांब काठीच्या टोकाशी काडी दुमडून धरते. पहिली फणी पुढे कलती करते, त्यासरशी निम्म्या दोऱ्या वर उचलल्या जाऊन मध्ये एक चिंचोळी फट पडते. त्या फटीतून दुसरी काठी भिरकावल्यासारखी सरळ आत घालते आणि काडी पलीकडे ठेवून काठी मागे ओढते. पहिली फणी धपकन आपल्याकडे खेचून काडी घट्ट बसवते, कडेची टोके अंगठ्याने मुडपते, आणि फणी आता मागे कलती करते. हे सर्व व्हायला एक श्वास पुरतो. दोघी या वेळात एकमेकींकडे पाहत नाहीत, मागाकडेही फारसे पाहत नाहीत; त्यांचे बोलणे चाललेले असते आणि ते बहुधा सुनेविषयी असते.

मग मार्गदर्शक विचारतो, कोणाला करून पाहायचे आहे का. येथे प्रत्येक गटात काही क्षण विनयाची स्पर्धा चालते आणि शेवटी एका उंच गृहस्थाला त्याची पत्नी पुढे ढकलते. त्याला उकिडवे बसता येत नाही, म्हणून त्याच्यासाठी एक बुटके प्लॅस्टिकचे स्टूल आणले जाते, ज्यावर बसल्यावर त्याचे गुडघे कानांच्या पातळीवर येतात. तो काठी हाती घेतो, नेम धरतो, आणि ती फटीतून पलीकडे जाण्याऐवजी मध्येच चार दोऱ्यांच्या खालून डोके वर काढते. फणीमागची बाई हसते. दुसऱ्या प्रयत्नात काठी नीट जाते पण काडी अलीकडेच राहते. बाई आणखी हसते, गृहस्थाच्या दंडावर थोपटते, काठी धरलेला त्याचा हात हातात घेऊन स्वतःच ती आत घालते, टाळ्या पडतात, छायाचित्रे निघतात आणि आपण एक काडी विणली अशी खात्री घेऊन गृहस्थ उठतो. म्हणजे उठण्याचा प्रयत्न करतो आणि त्यालाही दोघे जण लागतात. गट रस्त्याला लागला की ती बाई शेवटच्या दोन-तीन काड्या निमूटपणे काढून टाकते.

या मागावरची चटई सकाळी पाहिली तरी अर्धी असते आणि दुपारी पाहिली तरी अर्धीच असते. याचे एक कारण वरील उसवण्यात आहे, परंतु खरे कारण अर्थशास्त्रीय आहे. पूर्ण झालेली चटई ही गुंडाळल्यावर माणसाइतकी लांब वस्तू असून ती विमानाच्या बॅगेत मावत नाही, गावकऱ्यांना ती नको असते कारण बाजारात प्लॅस्टिकची चटई तिच्यापेक्षा स्वस्त मिळते व पुसता येते, आणि शहरी व्हिएतनामी माणूस तर केव्हाच स्प्रिंगच्या गादीवर गेला आहे. थोडक्यात, पूर्ण चटईला गिऱ्हाईक नाही. अर्ध्या चटईला मात्र रोज गिऱ्हाईक असते, कारण सहलीची कंपनी बहुतेक ठिकाणी ज्या घरी गट नेते त्या घराला काही रक्कम देते आणि ती विणण्याबद्दल नसून विणताना दिसण्याबद्दल असते. जी वस्तू पुरी होताच निरुपयोगी होते आणि अपुरी असेपर्यंत उत्पन्न देते, ती पुरी करण्याचा मूर्खपणा कोणता कारागीर करील? कायमच अपूर्ण राहिल्यामुळे चालणारे उद्योग जगात आणखीही आहेत. सरकारी पूल आणि मालिका यांची नावे सहज आठवतील. पण त्यांत चटईइतका प्रामाणिकपणा नाही, कारण येथे विणणे खरे असते, काडी खरी असते आणि हातांवरचे घट्टेही खरे असतात.

'हे सारे पर्यटकांसाठी मांडलेले नाटक आहे' असा आक्षेप घेणारा एक पाहुणा प्रत्येक गटात असतोच; त्याला 'अस्सल' काही तरी हवे असते, म्हणजे त्याच्याखेरीज दुसरा पर्यटक जेथे पोचलेला नाही असे काही तरी, आणि ते पाहण्यासाठी तो दुसऱ्या पर्यटकांबरोबर सहलीला आलेला असतो. त्याच्या आक्षेपात तथ्य नाही असे नाही, पण ते त्याला वाटते त्या जागी नाही. चटई विणणाऱ्या बाईने आपल्या जुन्या कसबाशेजारी एक नवे कसब कमावले आहे: कुंपणाला सायकली टेकल्याचा आवाज आला की मान किती वर करावी, हसू कोणत्या क्षणी यावे, कॅमेरा रोखला गेला की काठी हवेत कितपत थांबवावी, आणि परक्याच्या अडाणीपणाला त्याचा अपमान न होता किती हसावे. पाहुण्यांनी तिच्याविषयी जेवढी माहिती वीस मिनिटांत गोळा केलेली असते, त्याच्या कितीतरी पट तिने पाहुण्यांविषयी वर्षानुवर्षांत जमा केलेली असते. डच उंच असतात आणि घासाघीस करतात, कोरियन झटपट फोटो काढून निघतात, ऑस्ट्रेलियन दारू मागतात, असे तिचे निष्कर्ष आहेत, आणि ते काढायला तिला अंगणाबाहेर पाऊल टाकावे लागलेले नाही. या सहलीत नेमका कोण कोणाला पाहायला येतो, हा प्रश्न त्यामुळे दिसतो तितका सरळ नाही.

पुढचा थांबा भाताच्या दारूचा. शिजवलेल्या भाताला मुरवणाच्या वड्यांची पूड लावून, काही दिवस आंबवून, लाकडाच्या जाळावर त्याची दारू गाळली जाते, आणि भांड्याच्या तळाशी उरलेला चोथा मागच्या गोठ्यातील डुकरांना घातला जातो. मार्गदर्शक डुकरांकडे बोट दाखवून ती इतकी शांत का झोपतात हे सांगतो; हा विनोद त्याने अनेकदा केलेला असूनही डुकरे त्याला दरवेळी साथ देतात. मग बोटभर उंचीच्या पेल्यांतून पाहुण्यांना चव दिली जाते आणि 'मोत, हाय, बा, यो', म्हणजे 'एक, दोन, तीन, घ्या!' असा गजर होतो. घड्याळात सकाळचे साडेनऊ झालेले असतात. यापुढील दोन किलोमीटरमध्ये रांगेची शिस्त आणि चारीत उतरण्याचे प्रमाण यांत जो फरक पडतो, त्याचे श्रेय मार्गदर्शक रस्त्यावरच्या भाताला देतो.

किम बोंगच्या सुतारांनी एकेकाळी होई आनची घरे आणि बाजारपेठा उभारल्या, नावा बांधल्या, आणि हुएच्या राजवाड्यांच्या कामातही त्यांचा हात होता. आज या परिसरात पर्यटकाला सर्वाधिक आवडणारी कलाकृती म्हणजे बांबूच्या बुंध्यातून कोरलेला हसरा म्हातारा. बांबूचे बेट जमिनीतून मुळांसकट उपटतात, बुंध्यात डोळे, नाक आणि दात कोरतात, आणि मुळे दाढी म्हणून तशीच ठेवतात. दाढी आयती येत असल्यामुळे सगळे म्हातारे तत्त्वज्ञ दिसतात. राजवाड्याच्या खांबांवरून बांबूच्या म्हाताऱ्यावर येणे ही कलेची अधोगती मानणाऱ्यांनी एक गोष्ट ध्यानात घ्यावी, की राजवाड्याचे गिऱ्हाईक एकच होते आणि ते १९४५ मध्ये गादी सोडून गेले, तर म्हातारा हातातल्या पिशवीत बसतो. पर्यटकाच्या बॅगेची लांबी-रुंदी हा आजच्या हस्तकलेचा सर्वांत कठोर समीक्षक आहे. थान हाच्या कुंभारांनी ही गोष्ट आधीच ओळखली. तेथे गुंजभर जास्त माती लागणार नाही अशा बेताने बारा राशींच्या प्राण्यांच्या शिट्ट्या केल्या जातात, आणि गाव पाहण्याच्या तिकिटाबरोबर प्रत्येकाला त्यातली एक मिळते. व्हिएतनामी राशिचक्रात चिनी सशाच्या जागी मांजर आहे. ज्यांना आजवर ससा असल्याचे सांगण्यात आले होते ते पाहुणे आपण मांजर निघालो म्हणून खूश होतात, आणि पुढचा संपूर्ण रस्ता शिट्ट्या वाजवत जातात. गावातली कुत्री याला आता सरावली आहेत.

कॅम थानच्या गोल होड्यांविषयी एक कथा मार्गदर्शक हमखास सांगतात: फ्रेंच सरकारने होड्यांवर कर बसवला, तेव्हा कोळ्यांनी बांबूची मोठी टोपली विणून, तिला झाडाची राळ आणि शेण लिंपून पाणी आत न येईल अशी केली आणि 'ही होडी नव्हे, टोपली आहे' असे सांगून कर चुकवला. ही कथा खरी आहे की नाही याच्या खोलात न शिरता एवढे म्हणता येईल, की करचुकवेगिरीची कथा ऐकून सर्व राष्ट्रांचे पाहुणे जितक्या एकदिलाने हसतात तितक्या एकदिलाने ते इतर कोणत्याही विषयावर हसत नाहीत. आता त्या होड्यांत पाहुण्यांना बसवून, काठावर मोठ्या आवाजात कोरियन गाणी लावून, नावाडी टोपली स्वतःभोवती गरागरा फिरवून दाखवतो. निपाच्या झाडीत पूर्वी लपलेल्या गनिमी सैनिकांचा इतिहास मार्गदर्शक याच वेळी सांगत असतो, पण तो पोचत नाही.

त्रा क्वेचा थांबा त्या मानाने सात्त्विक आहे. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेने २०२४ मध्ये ज्या गावांना उत्तम पर्यटन गावे म्हणून निवडले, त्यांत हे भाजीपाल्याचे गाव आहे. येथे तुळस, पुदिना, कोथिंबीर यांचे वाफे नदीतल्या शेवाळाचे खत घालून पिकवले जातात. पाहुण्याला शेतकऱ्याचा तपकिरी पोशाख आणि शंकूची टोपी चढवून, खांद्यावर कावड देऊन, तिच्या दोन्ही टोकांना टांगलेल्या झाऱ्यांनी वाफ्याला पाणी घालायला लावतात. झारे एकाच वेळी कलते करावे लागतात, आणि ते साधले नाही तर पाणी स्वतःच्या पायांवर पडते. सहलीच्या वाटेवर असण्याचे भाग्य ज्या वाफ्यांना लाभले आहे, त्यांना दिवसभरात गटागटांकडून मिळणारे पाणी पाहता तेथे आता कमळे का लावू नयेत, असा प्रश्न पडतो.

मराठी पर्यटक या चित्रात अलीकडे शिरला आहे. २०२२ पासून मुंबईहून व्हिएतनामला थेट विमाने सुरू झाली आणि २०२४ मध्ये भारतातून तेथे गेलेल्यांची संख्या पाच लाखांच्या घरात पोचली. एका रुपयाला जवळपास तीनशे डोंग मिळत असल्यामुळे आयुष्यात प्रथमच लक्षाधीश झालेला हा पर्यटक बांबूच्या म्हाताऱ्याची किंमत ऐकून आधी दचकतो, मग मनातल्या मनात शून्ये गाळतो, आणि हिशेब लागल्यावरही तत्त्व म्हणून निम्म्याला मागतो. जेवणाच्या वेळी 'मासे चालत नाहीत, आणि माशाचे पाणीही नको' हे समजावण्यात अर्धा तास जातो, कारण मासे आंबवून केलेले 'नुओक माम' हे तेथे मिठाच्या जागी वापरले जाते. तथापि अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास बौद्ध घरांतून शाकाहार पाळला जात असल्याने तिथी बघून गेलेल्याचे हाल कमी होतात. एका बाबतीत मात्र मराठी माणूस युरोपियनांना मागे टाकतो. व्हिएतनामी भाषेत समोरच्याला काय म्हणून हाक मारायची हे वयावरून ठरत असल्यामुळे चटईवाली बाई पाहुण्याला वय, लग्न आणि मुले यांविषयी पहिल्याच मिनिटाला विचारते. फ्रेंच बाईंना तो खासगी बाबींवरचा घाला वाटतो, तर साताऱ्याच्या काकू तिला उलट तेच प्रश्न विचारून मुलीचे जमले का इथपर्यंत पोचलेल्या असतात, आणि तेही दोघींना एकमेकींची भाषा येत नसताना.

मराठी गटात एक जण मार्गदर्शकाला बाजूला घेऊन शिवाजी महाराजांविषयीही विचारतो. व्हिएतनामने अमेरिकेविरुद्धचे युद्ध महाराजांच्या गनिमी काव्याचा अभ्यास करून जिंकले, असे सांगणारा एक मजकूर मराठी व्हॉट्सॲप गटांवर वर्षानुवर्षे फिरत असून त्याला आधार कोणी दाखवलेला नाही. महाराजांच्या कीर्तीला या दाखल्याची गरज आहे असेही नाही. मार्गदर्शकाने हे नाव पहिल्यांदाच ऐकलेले असते, परंतु पाहुण्याला 'नाही' म्हणू नये असे त्याला शिकवलेले असल्यामुळे तो हसून जोरजोराने मान डोलावतो, आणि त्या मजकुराला प्रत्यक्षदर्शी पुरावा मिळून तो त्याच संध्याकाळी हॉटेलच्या वायफायवरून नव्याने रवाना होतो. वास्तविक भारताशी खराखुरा संबंध पाहायचा तर तेथून चाळीसेक किलोमीटरवर मी सोन येथे चाम राजांची शिवमंदिरे आहेत, त्यांतील काहींची डागडुजी भारतीय पुरातत्त्व खात्याने केली आहे, आणि तेथेच २०२० मध्ये या कामात नवव्या शतकातील अखंड दगडाचे शिवलिंग सापडले. पण तेथे सायकलीने जायचे म्हटले तर गुडघे आडवे येतात.

ऑक्टोबर-नोव्हेंबरात थू बोनला पूर येतो तेव्हा सहली बंद पडतात. जुन्या घरांच्या छतात सामान वर ओढून घेण्यासाठी चौकोनी झडपा ठेवलेल्या असतात आणि भिंतींवर कोणत्या वर्षी पाणी कोठवर आले याच्या खुणा असतात; १९६४ ची खूण पाहायला मान वर करावी लागते. गल्ल्यांतून होड्या फिरू लागतात, आणि त्यांतही दोन दिवसांत पर्यटक बसलेले दिसतात, कारण पुरालाही दर ठरवता येतो हे गावाला माहीत आहे. भाड्याच्या सायकली तेवढ्या माळ्यावर जातात. पाणी ओसरले की आधी चिखल उपसायचा, मग चेनला तेल घालायचे आणि हवा गेलेल्या ट्यूबा बदलायच्या असा क्रम असतो. त्यानंतर काँक्रीटचा रस्ता वाळला की त्यावर भिजलेले लव्हाळे कोणी पसरायचे आणि धान्य कोणी, यावरून शेजाऱ्यांत वादावादी होते, आणि पहिली सहल साधारण त्या भांडणाच्या मधोमध येऊन पोचते.